मस्टरवर नाव कुणाचं?



रोजगार हमीच्या कामावर गेलेल्या बाईला एक गोष्ट शिकवावी लागत नाही. दिवसभर पाट्या उचलल्या, पण मस्टरवर नाव नसेल, तर आठवड्याच्या शेवटी हातात काही पडत नाही. काम खरं, घाम खरा, पण नोंद नाही तर मजुरी नाही. आजचं बोलणं त्या मस्टरबद्दलच आहे. फक्त हे मस्टर जरा मोठं आहे, देशाचं आणि इतिहासाचं.

राज्य बदललं, कायदा बदलला, जमाना बदलला, असं आपण नेहमी ऐकतो. पण वर झालेला बदल खाली चुलीपर्यंत कसा पोचतो? कधी पोचतो आणि कधी वाटेतच का अडकतो? हे समजायला दोन ठिकाणांची गोष्ट सांगते. एक म्हणजे मी राहते ते मुंबईतलं कॉटन ग्रीन आणि त्याच्या भोवतीचं गिरणगाव. दुसरा साता समुद्रापलीकडचा इटली देश. एवढ्या लांबचा देश कशाला, असं वाटेल. पण तिथेही बायका गुडघाभर पाण्यात वाकून भाताच्या शेतात राबल्या. तिथेही कापडगिरण्या होत्या, आणि मुंबई बंदरातून गेलेला कापूस त्या गिरण्यांत सूत होऊन निघत होता. दोन्हीकडच्या बायकांची वाट बरीचशी सारखी आहे.

कापसाच्या गठ्ठ्यांचं गाव

कॉटन ग्रीन म्हणजे कापसाचं मैदान. हार्बर लाइनवर रे रोड आणि शिवडी यांच्या मधलं हे स्टेशन. पण हे नाव मूळचं इथलं नाही. जुन्या मुंबईत कोटाच्या आत, आज जिथे हॉर्निमन सर्कलची गोल बाग आहे, तिथे एक मोकळं मैदान होतं. जहाजावर चढवायचे कापसाचे गठ्ठे तिथे रचून ठेवत. शहर वाढलं, तसा हा बाजार १८४४ साली कुलाब्याला गेला. पुढे पोर्ट ट्रस्टने शिवडीच्या बाजूला समुद्रात भराव घालून जमीन केली, ओळीने गोदामं बांधली, आणि १९२०च्या दशकात कापसाचा बाजार तिकडे आला. येताना नाव सोबत घेऊन आला. कापूस बाजाराची ती जुनी इमारत आजही स्टेशनजवळ उभी आहे.

१८६१ साल लक्षात ठेवा. त्या वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. इंग्लंडच्या गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळेना, म्हणून त्यांनी मुंबईकडे तोंड वळवलं. कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत नव्या बँका, नव्या कंपन्या निघाल्या. १८६५ साली युद्ध थांबलं आणि भाव कोसळला. बँका बुडाल्या, शेठ लोकांची दिवाळी निघाली. त्या तेजीमंदीच्या कहाण्या मुंबईत अजून सांगतात. बोंडं वेचणाऱ्या बाईची कहाणी मात्र कुणी सांगत नाही. तिचं नाव कुठल्या वहीत नव्हतंच.

त्याच १८६१ साली इटलीतली वेगवेगळी छोटी राज्यं जोडून एक देश झाला. मॅझिनी आणि गॅरिबाल्डी ही त्या लढ्यातली मोठी नावं. आपल्याकडे स्वातंत्र्याची स्वप्नं पाहणाऱ्या तरुणांनी ती आवडीने वाचली. सावरकरांनी केलेलं मॅझिनीच्या आत्मचरित्राचं मराठी भाषांतर १९०७ साली छापून निघालं. देश एक झाला, झेंडा एक झाला, राजा एक झाला. पण मत कुणाला? शंभर माणसांत जेमतेम दोघांना, आणि तेही पैसेवाल्या पुरुषांना. बाईला नाही, आणि भाताच्या शेतातल्या मजुराला तर नाहीच. म्हणजे देशाचं मस्टर उघडलं, पण बहुतेकांची नावं त्यात चढलीच नाहीत.

भोंगा वाजला, घाटावरची आणि कोकणातली घरं हलली

मुंबईची पहिली कापडगिरणी कावसजी नानाभाई दावर यांनी काढली. १८५४ साली कंपनी स्थापन झाली आणि १८५६ साली ताडदेवला गिरणी सुरू झाली. मग परळ, लालबाग, भायखळा, शिवडी, काळाचौकी असा सगळा पट्टा धुराड्यांनी भरला. रत्नागिरी, सातारा, कोल्हापूर, पुणे, नगर अशा जिल्ह्यांतून माणसं आली. बहुतेक पुरुष एकटे आले. एका खोलीत पाळीपाळीने दहा-वीस जण झोपायचे. गावी बायको शेत कसायची, गुरं बघायची, सासूसासरे सांभाळायची आणि मनीऑर्डरची वाट बघायची.

पण गिरणीत बायकाही होत्या. मुख्यतः रिळं भरायच्या आणि सूत गुंडाळायच्या खात्यात, म्हणजे रिळिंग आणि वाइंडिंगमध्ये. १९२०च्या दशकात गिरणीतल्या पाच कामगारांत साधारण एक बाई होती. त्यांच्यावर देखरेख करायला बाईच असे, तिला नायकीण म्हणत.

तेव्हा कामाला वेळेचं बंधन नव्हतं. सूर्य उगवला की भोंगा, सूर्य मावळला की सुट्टी. आठवड्याची रजा नाही. या विरुद्ध पहिला मोठा आवाज उठवला नारायण मेघाजी लोखंडे यांनी. जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजाचे ते कार्यकर्ते, ‘दीनबंधू’ पत्राचे संपादक. १८८४ साली त्यांनी गिरणी कामगारांना एकत्र केलं आणि साडेपाच हजार कामगारांच्या वतीने मागण्या मांडल्या. रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, महिन्याचा पगार पुढच्या पंधरा तारखेच्या आत, काम करताना जखमी झालेल्याला भरपाई. आज आपल्याला या साध्या गोष्टी वाटतात. त्या मागून मिळवाव्या लागल्या.

एप्रिल १८९० मध्ये महालक्ष्मीच्या मैदानावर दहा हजार कामगारांची सभा झाली. त्या सभेत दोन कामगार बायका बोलायला उभ्या राहिल्या. विचार करा मैत्रिणींनो, एकशे तीस वर्षांहून जास्त झाली. आजही ग्रामसभेत बोलायला उठताना आपले पाय लटपटतात, आणि त्या दोघी दहा हजार माणसांपुढे बोलल्या. १० जून १८९० रोजी मालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. पुढच्याच वर्षी कारखान्यांचा कायदा सुधारला आणि बायकांच्या कामाला दिवसाचे अकरा तास ही मर्यादा आली.

लोखंडे यांच्या नावाचं टपाल तिकीट सरकारने २००५ साली काढलं, आणि ते योग्यच झालं. त्या दोघींची नावं मात्र आपल्यापैकी कुणाच्या तोंडी नाहीत. रविवारची सुट्टी आपण सगळे घेतो, ती मागणाऱ्या बायका मस्टरबाहेर राहिल्या.

कायदा दोन तोंडांचा असतो

१९२८ साल गिरणगावात मोठं मानतात. त्या वर्षी जवळजवळ सहा महिने गिरण्या बंद होत्या. लाल बावट्याची गिरणी कामगार युनियन त्याच संपात उभी राहिली. बायका गिरणीच्या फाटकांवर पहाऱ्याला बसल्या. पार्वतीबाई भोर, उषाताई डांगे ही त्या काळातली नावं. या दोघींच्या आठवणी पुढे लिहिल्या गेल्या, म्हणून ती आपल्यापर्यंत आली.

सहा महिने पगार नाही, तरी संप कसा टिकला? शहरात वर्गणी गोळा झाली, वाण्यांनी उधार दिलं. पण अनेक कामगार सरळ गावी गेले. गावी कुणाच्या जिवावर? कणगीत धान्य होतं, आणि ते धान्य पिकवणारी बाई होती. संपाचा इतिहास लिहिणारे पुढाऱ्यांची भाषणं लिहितात. पण गावाकडच्या बाईने लाटलेली भाकरी नसती, तर भाषण ऐकायला माणूस उभा राहिला नसता.

याच काळात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी एक गोष्ट रोखठोक विचारली. विणकाम खात्यात, म्हणजे साचेखात्यात, पगार जास्त होता. तिथे दलित कामगारांना घेत नसत. कारण काय, तर धोट्यातला धागा तोंडाने ओढून काढावा लागे आणि विटाळ होईल म्हणून इतर कामगारांची हरकत. एकाच गिरणीत, एकाच झेंड्याखाली, तरी जातीचं मस्टर वेगळं. कामगारांची एकी म्हणता, मग हे काय, असा त्यांचा सवाल होता.

त्याच १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात बाळंतपणाच्या रजेचं विधेयक चर्चेला आलं. बाबासाहेबांनी त्याला पाठिंबा दिला. बाळंतपणाच्या आधी आणि नंतर आईला विश्रांती मिळणं हे साऱ्या देशाच्या हिताचं आहे, आणि त्याचा भार एकट्या बाईने सोसू नये, असं त्यांचं म्हणणं. १९२९ साली मुंबई इलाख्यात कायदा झाला. देशातला हा अशा प्रकारचा पहिला कायदा. काही आठवड्यांची रजा आणि रोजचे आठ आणे.

आता या कायद्याची दुसरी बाजू बघा. बाईला रजेचे पैसे द्यायचे, रात्रपाळीला लावायचं नाही, म्हणजे मालकाच्या हिशोबात बाई महाग झाली. नवी यंत्रं आली तेव्हा कपात आधी बायकांच्या खात्यांत झाली. दशकामागून दशक गेलं आणि गिरणीतल्या बायका कमी होत होत मूठभर उरल्या. म्हणजे कायदा वाईट होता का? मुळीच नाही. पण कायदा झाला म्हणून बाईचं काम टिकेल याची हमी नव्हती. कायदा कागदावर उतरल्यावर तो अमलात आणून घ्यायला संघटनेत बायकांची संख्या लागते, आवाज लागतो. तो कमी पडला की चांगला कायदाही अंगावर उलटतो.

भाताच्या शेतातून थेट संसदेत

आता इटलीत जाऊ. उत्तर इटलीत पो नावाची मोठी नदी आहे. तिच्या खोऱ्यात भातशेती होते. विसाव्या शतकात दर उन्हाळ्यात हजारो बायका तिथे बेणणीला जात. पायाखाली चिखल, गुडघ्यापर्यंत पाणी, कंबर दिवसभर वाकलेली, डास आणि हिवताप. लावणी-बेणणी केलेल्या बाईला हे वर्णन नवं नाही. या बायकांना तिकडे मोंदिना म्हणतात. १९०६च्या सुमारास व्हेर्चेल्ली भागात त्यांनी संप करून आठ तासांचा दिवस मिळवला. मुंबईच्या गिरण्यांत तेव्हा तेरा-चौदा तास काम चालत होतं. आठ तासांची मागणी जगात कारखान्यांतून निघाली असं आपण समजतो. पण भाताच्या खाचरातल्या बायकांनीही ती मिळवून दाखवली.

मग तिथे वाईट दिवस आले. १९२२ साली मुसोलिनी सत्तेवर आला. युनियन बंद, निवडणुका नावापुरत्या, विरोधक तुरुंगात. बाईचं काम म्हणजे घर आणि मुलं, असं सरकारनेच ठरवून टाकलं. १९३८ साली फर्मान काढलं की कचेऱ्यांमध्ये शंभरात दहापेक्षा जास्त बायका असू नयेत. मिळवलेला हक्क कायमचा असतो, असं समजू नका. वरचं राज्य फिरलं की तो काढून घेता येतो.

दुसऱ्या महायुद्धात हे सरकार कोसळलं. त्या लढाईशी आपलंही रक्ताचं नातं आहे. रायगड जिल्ह्यातल्या माणगाव तालुक्याचा यशवंत घाडगे हा मराठा लाइट इन्फंट्रीतला नाईक १० जुलै १९४४ रोजी इटलीत लढताना पडला. वय २२. त्याला मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. माणगावात त्याचा पुतळा आहे, आणि इटलीतल्या मोंतोने गावाने २०२३ साली त्याच्या स्मरणार्थ सूर्यघड्याळ उभारलं. कोकणातलं पोर लांबच्या एका देशाच्या सुटकेसाठी गेलं, तेव्हा त्याचा स्वतःचा देश पारतंत्र्यात होता.

युद्धानंतर, २ जून १९४६ रोजी इटलीतल्या लोकांनी मत दिलं. राजा हवा की लोकांचं राज्य? साऱ्या देशाच्या मतदानात बायका पहिल्यांदाच रांगेत उभ्या होत्या. लोकांनी राजाला निरोप दिला. त्याच दिवशी घटना लिहिणारी सभाही निवडली गेली. ५५६ जणांत २१ बायका. त्यातली एक तेरेझा नोचे. गरीब घरातली, लहानपणापासून कामाला लागलेली. पुढे ती कापड कामगारांच्या युनियनची प्रमुख झाली. इटलीच्या राज्यघटनेचं पहिलंच कलम सांगतं की हे प्रजासत्ताक श्रमावर उभं आहे. त्याच घटनेत बाईला समान कामाला समान मजुरीचा हक्क लिहिला गेला. आणि १९५० साली बाळंतपणाच्या संरक्षणाचा कायदा झाला, त्यामागे याच तेरेझा नोचेचा पुढाकार होता. कापड कामगार बायकांचं दुःख जिने जवळून पाहिलं, तीच कायदा लिहायच्या टेबलाशी बसली, म्हणून तो कायदा झाला.

तरी तिथेही घराच्या आत बदल पोचायला वेळ लागला. नवराबायकोला घरात बरोबरीचा दर्जा देणारा कायदा व्हायला १९७५ साल उजाडलं. मत मिळाल्यापासून २९ वर्षं! चुलीची वाट सगळीकडेच लांबची दिसते.

१९४६, परळ

इटलीतल्या बायका मत द्यायला निघाल्या, त्याच्या चारच महिने आधी गिरणगावात काय चाललं होतं? फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईत नौदलाच्या भारतीय सैनिकांनी इंग्रजांविरुद्ध बंड केलं. गिरणी कामगार त्यांच्या पाठीशी रस्त्यावर उतरले. गोळीबार झाला. परळ महिला संघाच्या कमल दोंदे या गोळी लागून मरण पावल्या, कुसुम रणदिवे यांच्या पायाला गोळी लागली. हा महिला संघ अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या सहकारी बायकांनी १९४३ साली चाळीचाळीतल्या बायकांना घेऊन उभा केला होता. रेशनचं धान्य, पाणी, साक्षरता अशा रोजच्या कामातून त्या एकत्र आल्या, आणि वेळ आली तेव्हा देशासाठी उभ्या राहिल्या.

मुंबई इलाख्यात १९२१ सालीच काही बायकांना मताचा हक्क मिळाला होता, पण तो मालमत्ता असणाऱ्यांना. चाळीतल्या बाईच्या नावावर कसली मालमत्ता? स्वतंत्र भारताच्या घटनेने तो फरक पुसला. १९५१-५२च्या पहिल्या निवडणुकीत शेठाणीचं आणि कामगारणीचं मत एकाच मोलाचं ठरलं. मतदार यादी हे बहुतेक बायकांचं पहिलं मस्टर. तेव्हा कित्येक बायकांनी तिथेही स्वतःचं नाव सांगितलं नाही, अमक्याची बायको, तमक्याची आई एवढंच सांगितलं. अशी लाखो नावं यादीत घेता आली नाहीत. मस्टर उघडलं, तरी नाव आपल्याच तोंडाने सांगावं लागतं.

जिने जेवू घातलं, तिचं नाव कुठे?

गिरणगावात एक मोठा वर्ग होता, ज्याची कुठेच नोंद नव्हती. खानावळवाल्या बायका. एकट्या राहणाऱ्या कामगारांना घरात दोन वेळचं जेवण करून घालायच्या. पहाटे चारला उठणं, पाळीच्या वेळा सांभाळून डबे भरणं. पैसे महिन्याने, पगार झाला की. तोवर वाण्याची उधारी, सावकाराचं व्याज, आणि अडल्या वेळी मंगळसूत्र गहाण. संप झाला की पैसे थकायचे, पण माणसं जेवायला यायचीच. उपाशी माणसाला नाही कसं म्हणायचं?

प्रेमा पुरव या कामगार चळवळीतल्या कार्यकर्त्या. मूळच्या गोव्याच्या, गोवामुक्तीच्या लढ्यात भाग घेतलेल्या. त्यांनी पाहिलं की कामगाराची युनियन आहे, पण कामगाराला जेवू घालणारीची नाही. १९७५ साली त्यांनी चौदा खानावळवाल्या बायकांना एकत्र आणलं आणि राष्ट्रीयीकृत बँकेतून कर्ज मिळवून दिलं. तारण काय दिलं? एकमेकींचा शब्द. एकीचं थकलं तर बाकीच्या बघतील. हेच अन्नपूर्णा महिला मंडळ. बचत गटांना बँकेशी जोडायची नाबार्डची योजना १९९२ साली आली. त्याच्या सतरा वर्षं आधी गिरणगावातल्या या बायकांनी तो धडा गिरवला होता. आज आपण गटाच्या बैठकीत ज्या वहीवर सही करतो, त्या वहीची एक थोरली बहीण परळ-लालबागच्या खोल्यांतून निघाली आहे.

बँकेच्या पासबुकावर तिचं स्वतःचं नाव आलं, हा खरा बदल. काम तर ती आधीही तेवढंच करत होती.

भोंगा थांबला

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. पगारवाढ तर हवीच होती. पण दुसरी मागणीही होती. १९४६च्या कायद्यानुसार सरकारमान्य अशी एकच युनियन मालकांशी बोलू शकत होती आणि कामगारांना ती बदलायची होती. संप वर्षभराहून जास्त चालला आणि कधी रीतसर मागे घेतलाच गेला नाही. अनेक गिरण्या पुन्हा उघडल्याच नाहीत, हजारो कामगार कामावर परत घेतले गेले नाहीत. माणसं पुन्हा गावी आली, आणि या वेळी परत जाण्यासाठी नव्हे. तुमच्यापैकी कितीतरी जणींनी आपल्या आईला, सासूला त्या वर्षांत घर ओढताना पाहिलं असेल. शहरातल्या बायकांनी घरकाम धरलं, पोळ्या लाटल्या, पापड केले, फुलं विकली. मोठा संप पुरुषांचा म्हणून लिहिला गेला, तो निभावला बायकांनी.

मग प्रश्न आला जमिनीचा. गिरण्यांची सुमारे सहाशे एकर जमीन मुंबईच्या ऐन मध्यावर होती. १९९१ सालच्या नियमानुसार गिरणीच्या जमिनीचे तीन वाटे व्हायचे होते. एक शहराला मोकळ्या जागेसाठी, एक घरांसाठी म्हाडाला, एक मालकाला. २००१ साली नियम बदलला आणि वाटणी फक्त आधीच रिकाम्या असलेल्या जागेपुरती उरली. २००६ साली सुप्रीम कोर्टाने तो बदल कायम ठेवला. चार शब्दांची दुरुस्ती, आणि लोकांच्या वाट्याची जमीन आटली. म्हणून सांगते, कायद्यातल्या बारीक अक्षरांचा कंटाळा करू नका.

कामगारांनी घरांचा हक्क मात्र सोडला नाही. मोर्चे निघाले, त्यात म्हाताऱ्या बायका पुढे होत्या. २०१२ साली म्हाडाने कामगारांसाठी पहिली सोडत काढली, ६,९२५ घरांची. अर्ज मात्र लाखाहून जास्त. १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर गिरणीत नोकरीला असलेला कामगार किंवा त्याचा वारस यासाठी पात्र धरला जातो. ते सिद्ध कशाने होतं? गिरणीचं ओळखपत्र, तिकीट नंबर, पगारपावती, प्रॉव्हिडंट फंडाचा कागद, ईएसआयसीचं कार्ड. म्हणजे पुन्हा मस्टरच. ज्याचं नाव मस्टरवर, त्याचा दावा. त्या कामगाराला वीस वर्षं जेवू घालणाऱ्या खानावळवालीचा दावा नाही. गावी शेत कसून त्याचा संसार टिकवणाऱ्या बायकोला तो गेल्यावर वारस म्हणून जागा, तीही कागद असला तर.

आपल्या गटाने काय करायचं

या सगळ्या इतिहासातून मला एक गोष्ट दिसते. राज्य बदलणं, झेंडा बदलणं, कायदा होणं हे सगळं लागतंच. पण ते बाईपर्यंत तेव्हाच पोचतं, जेव्हा बायका एकत्र असतात आणि त्यांचं नाव कागदावर असतं. यातलं एक असून चालत नाही. गिरणीतल्या बायकांकडे कायदा होता, पण संख्या कमी पडली. खानावळवाल्यांकडे संख्या होती, पण १९७५पर्यंत कागद नव्हता. भाताच्या शेतातल्या इटालियन बायकांकडे एकी होती, पण मत नव्हतं, आणि म्हणून मिळवलेलं पुढे कुणाला तरी हिसकावता आलं.

तेव्हा या आठवड्याच्या बैठकीत चार प्रश्न घ्या.

पहिला, घराच्या उताऱ्यावर तुमचं नाव आहे का? ग्रामपंचायतीच्या नमुना ८ वर नवराबायको दोघांची नावं लावता येतात. ग्रामपंचायतीत अर्ज करा, एकटीने नाही, गटाने मिळून.

दुसरा, सातबाऱ्यावर वारस म्हणून लेकींची नावं लागली आहेत का? महाराष्ट्राने १९९४ साली आणि देशाने २००५ साली लेकींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतका हक्क दिला. हक्कसोडपत्रावर सही करण्याआधी ते कुणाकडून तरी वाचून घ्या.

तिसरा, तुमच्या घरातलं कुणी मुंबईच्या गिरणीत होतं का? असेल तर पत्र्याची ट्रंक उघडा. जुनी ओळखपत्रं, पावत्या, पिवळे पडलेले कागद प्लास्टिकच्या पिशवीत घालून नीट ठेवा, झेरॉक्स काढा. घर मिळवून देतो म्हणून पैसे मागणाऱ्या कुणाच्याही हाती मूळ कागद देऊ नका.

चौथा, रोजगार हमीच्या मस्टरवर आणि जॉबकार्डावर तुमच्या कामाचे दिवस बरोबर चढले आहेत का? मोजा, वहीत लिहून ठेवा.

एक चांगली गोष्ट सांगून थांबते. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळाच्या नावात महाराष्ट्र सरकारने आईचं नाव लावणं सक्तीचं केलं. आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. १ मे म्हणजे कामगार दिन आणि महाराष्ट्र दिनही. यापुढे शाळेच्या हजेरीत रोज सकाळी गुरुजी आईचं नाव वाचतील. जन्मदाखला करायला जाल तेव्हा ते नाव बरोबर लिहिलंय ना, काना-मात्रा तपासून घ्या.